पर्याय ‘अ’ : खरं सांगावं

लातूरच्या एका महाविद्यालयात मी एकतीस वर्षं ख्रिस्ती नीतिशास्त्र शिकवलं. त्यातली पहिली पाच वर्षं मी एकही ख्रिस्ती माणूस जवळून पाहिलेला नव्हता. हे सांगितलं की लोक हसतात. पण खगोलशास्त्र शिकवणारे तरी कुठं शनीवर जाऊन आलेले असतात, असं म्हणून मी वेळ मारून नेत असे.

विषय मी निवडला नाही, वाळवीनं निवडला. माझं माहेर नांदेडचं, वडील शाळेत मास्तर. तत्त्वज्ञानात एम.ए. करून लातूरला रुजू झाले, तेव्हा नीतिशास्त्राच्या पेपरला तीन पर्याय होते : भारतीय, ग्रीक आणि ख्रिस्ती. पहिल्या दोन्हींची पुस्तकं लाकडी कपाटात होती. तिसऱ्याची कुणी मागतच नसल्यामुळं लोखंडी कपाटात कुलूप लावून ठेवलेली होती. लाकडी कपाट वाळवीनं आतून भुसा करून टाकलं. ग्रंथपालांनी मला ते उघडून दाखवलं आणि म्हणाले, जे शिल्लक आहे ते शिकवा. आईला कळलं तेव्हा तिनं नांदेडहून पत्र पाठवलं, शिकव, पण मनावर घेऊ नकोस.

विद्यार्थी दरवर्षी पाच-सहा. त्यातले दोन फॉर्म भरताना रकाना चुकलेले, दोन ‘या विषयाला हजेरी लागत नाही’ असं ऐकून आलेले, आणि एखादा खरोखरीचा, ज्याची मला नेहमी भीती वाटायची, कारण तो प्रश्न विचारायचा.

बाहेरच्या माणसाला वाटतं, नीतिशास्त्राचा मास्तर म्हणजे चांगलं वागा असं सांगणारा. ते काम कीर्तनकारांचं. आम्ही फक्त एवढंच विचारतो, की चांगलं का वागायचं. आणि कारण सापडेपर्यंत घंटा होते. ख्रिस्ती विचारवंतांनी या एका प्रश्नावर दीड-दोन हजार वर्षं डोकेफोड केली आहे. काही म्हणाले, देवाची आज्ञा आहे म्हणून. काही म्हणाले, देवानं माणसाला बुद्धी दिली आहे, तिनं नीट पाहिलं तर बरंवाईट माणसाच्या स्वभावातच लिहिलेलं सापडतं, आज्ञा पाठ नसली तरी. काही म्हणाले, बाकी सगळं सोडा, शेजाऱ्यावर प्रेम करा, त्यातून उरलेलं आपोआप होईल. मग शेजारी कोण, यावर आणखी काही शतकं गेली.

सगळ्यात रंगायचा तो खोटं बोलण्याचा धडा. जुन्या कडक पंथाचं मत, खोटं कधीच बोलू नये, कुणाचा जीव वाचत असला तरी. मवाळ पंथाचं मत, खोटं वाईटच, पण प्रेमापोटी बोललेलं कमी वाईट. मी एस.टी.चं उदाहरण द्यायची. गाडी फलाटावर लागायच्या आधीच खिडकीतून रुमाल टाकला आणि ‘इथं माणूस आहे’ म्हणालात, तर ते खोटं की नाही? पोरं तावातावानं भांडायची. मी फळ्यावर दोन्ही बाजू लिहायची आणि शेवटी कडक पंथाच्या बाजूला बरोबरची खूण करायची, कारण परीक्षेत तसंच लिहिलं तर गुण मिळायचे.

मग भूकंप झाला.

त्याबद्दल मराठवाड्यात कुणाला काही सांगायला नको. आठवड्याभरानं प्राचार्यांनी मला बोलावलं. किल्लारीच्या बाजूला एक ख्रिस्ती मदत पथक आलं होतं. त्यांना मराठी येत नव्हतं, गावकऱ्यांना इंग्रजी येत नव्हतं. प्राचार्य म्हणाले, तुम्ही जा, तुमचेच लोक आहेत ते. मी म्हणाले, सर, माझे कसे. ते म्हणाले, पाच वर्षं पगार कशाचा घेता मग?

असा माझ्या आयुष्यातला पहिला ख्रिस्ती माणूस मला किल्लारीजवळच्या एका खेड्यात भेटला. फादर वर्गीस. दक्षिणेकडचे, चाळिशीचे, उंच आणि वाकलेले. दोनच महिन्यांपूर्वी किनवटला आदिवासी मुलांच्या वसतिगृहावर त्यांची नेमणूक झाली होती आणि तिथून ते इकडं आले होते. मी नीतिशास्त्र शिकवते म्हटल्यावर त्यांना आनंद झाला. त्यांनी माझ्या हातात एक वही दिली. कुटुंबप्रमुखाचं नाव, माणसं किती, वय किती. चारपर्यंत माणसं असतील तर दोन ब्लँकेटं, पाच असतील तर तीन. असं आम्ही राहुटी-राहुटीनं फिरलो.

तिसऱ्या दिवशी व्यंकटराव भेटले. पस्तिशीचा शेतकरी, डोक्याला मार लागलेला. घरातली दोन माणसं गेली होती. पत्र्याच्या आडोशाला आई, बायको, एक मुलगी आणि ते स्वतः. मी विचारलं, घरात किती जण? ते म्हणाले, “पाच जीव हाव बाई.” मी चार नावं लिहिली आणि पाचवं विचारलं. ते जरा थांबले. म्हणाले, “पांडुरंग. वय सात.”

फादरनी पाचवा दिसत नाही म्हणून विचारलं. व्यंकटरावांनी मागं बोट केलं. मी पत्र्यामागं डोकावले, तर लिंबाखाली एक पांढरा बैल आडवा पडलेला होता. भिंत अंगावर पडून त्याच्या पाठीची सालटं निघाली होती, वरून पाऊस आणि माश्या. व्यंकटराव म्हणाले, मागं पडून आहे, लई मार लागलाय त्याला, झाकाया काही न्हाई.

फादरनी मला विचारलं, काय म्हणतात?

आता पाहा, त्या माणसानं एकही शब्द खोटा सांगितला नव्हता. पाच जीव म्हणाला, माणसं म्हणाला नव्हता. नाव खरं होतं, वय खरं होतं, मार खरा होता. मी फादरना इंग्रजीत सांगितलं, की त्यांचा धाकटा मुलगा आहे, सात वर्षांचा, जखमी आहे, मागं झोपला आहे. आणि वहीत लिहिलं, पांडुरंग, मुलगा, ७.

तिसरं ब्लँकेट मिळालं. व्यंकटरावांनी ते तिथल्या तिथं नेऊन बैलाच्या पाठीवर घातलं. फादर तोवर पुढच्या राहुटीकडं वळले होते.

मला वाटलं, संपलं. पण प्रेमापोटी बोललेल्या खोट्याची एक अडचण पुस्तकांत नीट दिलेली नाही. ती अशी, की ज्याला खोटं सांगितलं त्याच्याही मनात प्रेम असेल तर गोष्ट वाढत जाते. दुसऱ्या दिवशी फादर पांडुरंगासाठी दूध पावडरचा डबा घेऊन आले. त्याच्या पुढच्या दिवशी सदरा आणि पाटी-पेन्सिल. मग पथकातल्या नर्सबाईंना जखम पाहायची होती. मी सांगितलं, मामाच्या गावाला पाठवलंय. त्याच क्षणी मामाच्या गावाला गेलेला पांडुरंग मागं हंबरला. फादर म्हणाले, बिचाऱ्यांचा बैलही दुखावलेला दिसतो. मी म्हणाले, हो, दिसतो खरा.

व्यंकटरावांना मी पाटी दिली तेव्हा त्यांनी ती उलटीपालटी करून पाहिली. ह्याचं काय करू, म्हणून विचारलं. मी म्हणाले, ठेवा. त्यांना वाटलं असावं, शहरातल्या बायकांचं असंच असतं.

पंधरा दिवसांनी मी लातूरला परतले आणि पुन्हा वर्गात कडक पंथाच्या बाजूला बरोबरची खूण करायला लागले.

बारा वर्षं गेली. तोवर लातूरचं रूप पालटलं होतं. गल्लोगल्ली क्लास, घरोघरी पेइंग गेस्ट, आणि आख्ख्या मराठवाड्यातून डॉक्टर-इंजिनिअर व्हायला आलेली पोरं. माझ्या विषयाला त्या वर्षी दोन विद्यार्थी होते, त्यातला एक आजारी. अशा वेळी एका मोठ्या क्लासचे संचालक बिराजदार सर घरी आले. मूळचे भौतिकशास्त्राचे, सहाशे पोरांना माइकवरून शिकवणारे. त्यांचं म्हणणं होतं, की पोरं हुशार व्हायलेत, पण संस्काराचं काय, असं पालक विचारायलेत. तेव्हा दर रविवारी मी नीतीचा तास घ्यावा. महिन्याला वीस गुणांची चाचणी, आणि ते गुण बॅच ठरवताना धरायचे. पहिली बॅच, दुसरी बॅच, तिसरी बॅच, अशी त्यांची उतरंड होती. चुकीच्या उत्तराला पाव गुण वजा.

मी म्हणाले, नीतिशास्त्रात पर्यायी उत्तरं कशी देणार. ते म्हणाले, “मॅडम, प्रश्न कोणता बी घ्या. फक्त उत्तर एकच असलं पाहिजे.”

मी कामाला लागले. ख्रिस्ती नीती सोडून दुसरं मला येत नव्हतं, त्यामुळं तीच चार-चार पर्यायांत ओतली. पोरं पटाईत. भिंतीवर सुविचार म्हणून जे रंगवता येईल ते उत्तर बरोबर, हे त्यांनी दुसऱ्याच रविवारी ओळखलं. सगळ्यांना वीसपैकी वीस मिळू लागले. बिराजदार सर नाराज झाले. सगळेच नीतिमान निघाले तर बॅच कशी पाडणार? जरा अवघड काढा, म्हणाले.

तेव्हा घाईघाईत मी एक प्रश्न लिहिला. आपत्तीनंतर एका माणसानं जादा ब्लँकेट मिळावं म्हणून जखमी बैलाला मुलगा म्हणून सांगितलं. दुभाष्याला ते माहीत आहे. दुभाष्यानं काय करावं? अ, खरं सांगावं. ब, गप्प राहावं. क, मुलगाच आहे असं सांगावं. ड, काम सोडून जावं. आणि उत्तरतालिकेत लिहिलं, अ.

एक सोडून सगळ्या पोरांनी अ लिहिलं. रेणुका केंद्रे नावाच्या मुलीनं क लिहिलं. तिचा एक गुण गेला, वर पाव गेला, आणि सव्वा गुणानं ती पहिल्या बॅचमधून दुसऱ्या बॅचमध्ये आली. तिच्या जागी एका डॉक्टरांचा मुलगा पहिल्या बॅचमध्ये चढला.

चौथ्या दिवशी तिचे वडील क्लासमध्ये हजर झाले. अहमदपूर आगारातले कंडक्टर. ड्यूटीवरून तसेच खाकी गणवेशात, खांद्याला बॅग. आवाज चढवला नाही. म्हणाले, “मॅडम, मी रोज बारा वर्साची लेकरं पाच वर्साची झालेली बघतो. अर्ध्या तिकिटासाठी. मला खोटं शिकवू नका. पण हितं उत्तर क हाय.”

बिराजदार सरांनी डॉक्टरांना फोन केला, कारण तालिका बदलली तर त्यांचा मुलगा खाली येणार होता. डॉक्टर दवाखाना सोडून आले. त्यांचं म्हणणं, खरं बोलणं चूक ठरवणारा क्लास आपण पाहिला नाही. केंद्र्यांचं म्हणणं, बैलाला ब्लँकेट नाकारणारा आपण पाहिला नाही. दोघंही माझ्याकडं पाहू लागले. मी उत्तरतालिकेकडं पाहत होते.

बिराजदार सर व्यवहारी माणूस. भौतिकशास्त्रात वाद झाला की ते पाठ्यपुस्तक उघडत, जीवशास्त्रात झाला की वैद्यकीय महाविद्यालयात माणूस पाठवत. त्यांनी विचारलं, “मॅडम, ह्या विषयात वरचा माणूस कोण?”

वरचा म्हणजे एकदम वरचा, असं मी म्हणणार होते, पण गप्प बसले. मला ठाऊक असलेला ख्रिस्ती माणूस अजूनही एकच होता. मी म्हणाले, किनवटला एक फादर आहेत. तोंडातून शब्द गेल्यावर लक्षात आलं, की आपण काय बोलून बसलो.

रविवारी सकाळी क्लासच्या जीपमधून आम्ही निघालो. पुढं बिराजदार सर, त्यांच्या मांडीवर लेटरहेडचा कोरा कागद आणि शिक्का. मागं डॉक्टर, केंद्रे आणि मी. एका पर्यायी प्रश्नाचं उत्तर विचारायला लातूरहून किनवटच्या जंगलात चाललेलं हे बहुधा पहिलंच शिष्टमंडळ असावं. अहमदपूरला केंद्र्यांनी सगळ्यांना चहा पाजला, डॉक्टरांनाही. नांदेड मागं पडल्यावर डॉक्टर केंद्र्यांना पाठीच्या दुखण्यावर व्यायाम सांगत होते आणि केंद्रे डॉक्टरांना कोणत्या गाडीला गर्दी कमी असते ते सांगत होते. नीतीचा विषय दोघांनीही काढला नाही. मी खिडकीतून सागाची झाडं मोजत होते.

फादर वर्गीस वसतिगृहाच्या अंगणात हातपंप खोलून बसले होते. केस पांढरे झालेले, पाठीला बाक वाढलेला. मराठी आता फर्डं बोलत होते, किनवटकडच्या हेलानं. मला त्यांनी लगेच ओळखलं. हात धुऊन आले, सगळ्यांना बसवलं, आणि बिराजदार सरांनी पुढं केलेला प्रश्न चष्मा लावून वाचला. एकदा वाचला, परत वाचला. मग माझ्याकडं पाहिलं.

“पांडुरंग?” त्यांनी विचारलं.

मी सगळं सांगितलं. तिघांच्या देखत. बैल, वही, पाटी, मामाचं गाव, सगळं. आणि हेही सांगितलं, की प्रश्नात मी खोट्याचं खापर त्या शेतकऱ्यावर फोडलंय, तो काही खोटं बोलला नव्हता. मुलगा हा शब्द माझा.

पंपातून पाणी ठिबकत होतं. फादर म्हणाले, त्या गावातली काही नावं ते रोजच्या प्रार्थनेत घेत आले आहेत. जखमी मुलांची. पांडुरंग त्यात आहे. गेली बारा वर्षं.

डॉक्टरांनी रुमाल काढून तोंडावर धरला. हसू होतं की काय, मला कळलं नाही. मला जमिनीनं पोटात घ्यावं असं वाटत होतं, आणि आमच्या भागात ही इच्छा कुणी सहज करत नाही.

केंद्रे म्हणाले, फादर, मॅडमनी चांगल्यासाठीच केलं. मग उत्तर क आहे ना?

“नाही,” फादर म्हणाले. “उत्तर अ आहे.”

मग त्यांनी जे सांगितलं ते माझ्या लोखंडी कपाटातल्या एकाही पुस्तकात नव्हतं. ते म्हणाले, बाईंनी मला खरं सांगितलं असतं तर मी बैलालाही ब्लँकेट दिलं असतं. बाईंनी ठरवून टाकलं, की हा पाद्री देणार नाही. मला विचारलंच नाही. त्या दिवशी बैलाची दया केली, पण माझ्यावर विश्वास ठेवला नाही.

केंद्र्यांनी विचारलं, आणि समजा तुम्ही दिलं नसतं तर?

“तर ते पाप माझं झालं असतं,” फादर म्हणाले. “ते माझं मला करू द्यायचं होतं.”

केंद्र्यांनी मान डोलावली. मग म्हणाले, बरोबर आहे. मी सुद्धा एखाद्या गरीब बाईला म्हटलं असतं, बस माय. पण ती आधीच पोराचं वय कमी सांगते, मग मला रागच येतो, की हिनं मला काय समजलं. त्यांनी बॅग खांद्यावर नीट केली. लेकीचा सव्वा गुण त्यांनी तिथंच सोडून दिला.

फादरनी कागदावर अ लिहून सही केली. बिराजदार सरांनी स्वतः शिक्का मारला. मी निघताना फादरना म्हणाले, मला माफ करा. ते म्हणाले, केलं. आणि विचारलं, बैल जगला का?

मला माहीत नव्हतं.

“बारा वर्षांत एकदाही गेला नाहीत?” त्यांनी एवढंच विचारलं, तेही रागानं नाही. लातूरहून ते खेडं तासाभराच्या अंतरावर आहे.

पुढच्या रविवारी तासाला रेणुका माझ्यासमोर येऊन उभी राहिली. वडिलांनी तिला सगळं सांगितलं होतं. दोन वेण्या, हातात भौतिकशास्त्राची जाडी वही. तिला गुणांबद्दल काही म्हणायचं नव्हतं. तिनं विचारलं, “मॅडम, तुम्ही स्वतः क केलं होतं, तर तालिकेत अ का लिहिलं?”

मी म्हणाले, पुस्तकात तसं आहे. ती म्हणाली, पण तुम्ही तिथं होतात ना. आणि दुसऱ्या बॅचच्या खोलीकडं निघून गेली. एकतीस वर्षांत माझ्या विषयात विचारलेला तो सगळ्यात नेमका प्रश्न, आणि विचारणारी पुढं दंतवैद्यकीला गेली. नीतीचा तास बिराजदार सरांनी पुढच्या सत्रात बंद केला. या विषयाची तालिका टिकत नाही, म्हणाले. मला बरंच वाटलं.

मी व्यंकटरावांना भेटायला गेले ती तिच्यामुळं. केंद्र्यांनी त्या दिवशी सुट्टी घेतली आणि सोबत आले. का, ते मी विचारलं नाही. त्यांनाही बैलाचं काय झालं ते पाहायचं असावं.

गाव नव्या जागी वसलं होतं. सरळ रस्ते, एकसारखी घरं. व्यंकटरावांचं डोकं पांढरं झालं होतं. त्यांनी मला ओळखलं, पण त्यांचा चेहरा उजळला नाही, उलट पडला. त्यांना वाटलं मी चौकशीला आले. त्यांनी घरातून एक पिशवी आणली आणि एकेक कागद ओसरीवर मांडला.

बैल जगला होता. ब्लँकेटखाली पाठ भरून आली, पुढं सहा वर्षं औताला चालला, आणि मग म्हातारा होऊन गोठ्यातच गेला. पण आमची वही मागं राहिली होती. नवीन रेशनकार्डं करताना कुणीतरी त्या वहीवरून नावं उतरवली. त्यामुळं पांडुरंग व्यंकट कार्डावर आला. कार्डावरून शाळेच्या पटावर गेला. तिथं सतत गैरहजर म्हणून गुरुजी दोनदा घरी येऊन गेले. मुलाला शाळेत पाठवा, बालमजुरी करवू नका, असं समजावून गेले. व्यंकटराव म्हणाले, मी त्यांना म्हटलं, गुरुजी, ते वावरात कामाला जातंय. ते लई रागावले.

आणि गेल्या वर्षी पांडुरंग अठरा वर्षांचा झाला. मतदार यादीचा फॉर्म घेऊन माणूस दारात आला होता. तेव्हापासून व्यंकटरावांच्या जिवाला घोर. नाव कमी करायला गेले तर कचेरीत मृत्यूचा दाखला मागत होते. दाखला आणायचा तर पोरगं कशानं मेलं, पोलिसांना का कळवलं नाही, हे निघणार. बैल होता म्हणून सांगितलं, तर चेष्टा करता काय म्हणून हाकलून दिलं.

म्हणजे हा माणूस तेव्हाही खरं बोलला होता आणि आताही खरंच बोलत होता, आणि दोन्ही वेळा माझा एक शब्द त्याला आडवा आला होता.

आम्ही तिघं तहसील कचेरीत गेलो. पुरवठा विभागातला कारकून पोक्त माणूस होता. मी त्याला पहिल्यापासून सगळी हकीकत सांगितली. त्यानं पेन खाली ठेवलं आणि शांतपणे ऐकलं. मग म्हणाला, मॅडम, तुम्ही शिकलेल्या आहात. बैल वगैरे लिहिलं तर वरून चौकशी लागेल, यांच्यावर खोट्या माहितीचा ठपका येईल, तुमचं पण नाव येईल. त्यापेक्षा सोपं करू. मुलगा कामानिमित्त पुण्याला कायमचा स्थलांतरित, असं लिहितो. दोन मिनिटांत नाव कमी.

सोपं होतं. कुणाचं नुकसान नव्हतं, आणि दयाही होती त्यात. माझ्या ओठांवर ‘बरं’ आलं होतं. केंद्रे माझ्याकडं बघत होते. मी व्यंकटरावांकडं वळले आणि त्यांना दोन्ही गोष्टी नीट समजावून सांगितल्या. खरं लिहिलं तर काय त्रास होईल ते, आणि स्थलांतर लिहिलं तर कसं सुटाल ते. मग विचारलं, तुम्ही सांगा.

व्यंकटरावांनी टोपी काढून गुडघ्यावर ठेवली. म्हणाले, “खरंच लिवा. पुण्याला गेलं म्हणलं तर उद्या लोक इचारतील, लेकरू आईबापाला भेटाया का येत न्हाई. म्हातारीला वाईट वाटंल.”

कारकुनानं मोठा उसासा टाकला आणि कागद ओढला. माझा जबाब सुरू झाला. वहीत मुलगा असं मी लिहिलं, ते चुकीचं होतं, शेतकऱ्यानं तसं सांगितलं नव्हतं, जबाबदारी माझी. मी बोलत गेले, तो लिहीत गेला. पुढं चौकशी झाली, मला दोनदा बोलावणं आलं, प्राचार्यांकडं एक पत्र गेलं आणि तिथं ते बरेच दिवस या हातातून त्या हातात फिरलं. व्यंकटरावांना समज देऊन सोडलं. तो सगळा त्रास झाला, पण माझ्या वाट्याचा मला झाला.

त्या दिवशी कारकुनानं शेवटी लिहिलेलं मोठ्यानं वाचून दाखवलं. “सदर पांडुरंग ही व्यक्ती नसून पांढऱ्या रंगाचा बैल होता व तो सहा वर्षांपूर्वी वृद्धापकाळाने मयत झाला.” मग त्यानं विचारलं, आणखी काही?

व्यंकटराव म्हणाले, “गुणाचा होता म्हणून लिवा.”

कारकुनानं त्यांच्याकडं पाहिलं, मग माझ्याकडं. मग मान खाली घालून त्यानं तेही लिहिलं. दुसरा साक्षीदार म्हणून केंद्र्यांनी सही केली. त्यांनी तर तो बैल पाहिलाही नव्हता. मी दहा-बारा दिवस पाहिला होता, तोही आडवा पडलेला. त्या शेवटच्या वाक्याची कसलीही शहानिशा न करता मीसुद्धा खाली सही केली.